खिडकीच्या दोन्ही बाजू : निरीक्षणपर माहितीपटाच्या अभ्यासाची प्रस्तावना

'वेल्फेअर' हा फ्रेडरिक वाइजमन यांचा १९७५ सालचा कृष्णधवल माहितीपट पावणेतीन तासांचा आहे आणि त्यातला जवळजवळ सगळा वेळ न्यूयॉर्कमधल्या एका सरकारी मदत कार्यालयात जातो. कुणाचा चेक आलेला नाही. कुणाच्या डोक्यावर छप्पर उरलेले नाही. कुणाकडे एका कचेरीचे पत्र आहे, पण दुसऱ्या कचेरीला ते चालत नाही. माणसे बाकांवर बसतात, नाव पुकारल्यावर उठतात, या टेबलावरून त्या टेबलाकडे धाडली जातात आणि पुन्हा बाकावर येऊन बसतात. शेवटाकडे एक माणूस मान वर करून थेट देवाशीच बोलायला लागतो. तोवर आपणही त्या खोलीत इतका वेळ काढलेला असतो की त्याचे बोलणे वेडगळ वाटत नाही. अर्ज कुणाकडे तरी करायलाच हवा, इतकेच वाटते.

मराठी वाचकाला यातले फारसे काही परके वाटणार नाही. 'साहेब मीटिंगला गेलेत', 'ही झेरॉक्स चालणार नाही', 'सोमवारी या' ही वाक्ये ऐकल्यावाचून आपल्याकडे कुणाचा उत्पन्नाचा दाखला निघाला असेल असे वाटत नाही. पण आपल्या सामाजिक लेखनात आणि चित्रपटांत हा अनुभव येतो तो बहुधा तक्रार म्हणून : खिडकीच्या अलीकडे गरीब, पलीकडे मग्रूर कारकून. वाइजमन कॅमेरा दोन्ही बाजूंना नेतात. पहिला अर्धा तास आपण अर्जदाराचे असतो. मग पलीकडे बसलेल्या बाईचा थकवा दिसू लागतो. तिच्या पुढ्यातला नियम तिने केलेला नाही हे लक्षात येते. समोरचा कदाचित खोटे बोलतो आहे हे तिला कळते, आणि खरे सांगून भागत नाही म्हणून तो खोटे बोलतो हेही तिला ठाऊक आहे अशी शंका येते. दोष कुणाचा, हे आपण मनात विचारतच राहतो. मात्र दुसरा तास सरेपर्यंत तो दोष एका माणसाच्या माथी मारणे कठीण होऊन बसते. या सगळ्यात आपल्या मदतीला निवेदक येत नाही, तज्ज्ञ येत नाही, पार्श्वसंगीत येत नाही. पडद्यावर कुणाचे नाव किंवा हुद्दाही उमटत नाही.

सामाजिक प्रश्नाला माणसामाणसांतल्या व्यवहाराच्या रूपात पाहणे हे या शैलीचे मर्म आहे, असे मी मानतो. हे पुस्तक त्या एका म्हणण्याभोवती उभे आहे. गरिबीचे आकडे अहवालात मिळतात. गरिबी टेबलासमोर कशी बसते, कोणत्या पट्टीत बोलते, तिला उत्तर देणाऱ्याचा आवाज नेमका कोणत्या शब्दाला चढतो, हे पाहायचे तर तिथे जाऊन थांबावे लागते. तसे थांबणाऱ्या दिग्दर्शकांची ही ओळख आहे. चित्रपटाच्या विद्यार्थ्यांनी ती वाचावीच, पण समाजकार्य शिकणारे, पत्रकार, शाळा-दवाखान्यांत नोकरी करणारे आणि खिडकीच्या पलीकडे रोज आठ तास बसणारे यांनाही त्यात आपले काही सापडेल.

मराठी प्रेक्षकाच्या कानात माहितीपटाचा एक आवाज पक्का बसलेला आहे. १९४८ साली फिल्म्स डिव्हिजनची स्थापना झाली आणि मुंबईतून निघणारे तिचे लघुपट चित्रपटगृहांना मुख्य खेळाआधी दाखवणे सक्तीचे झाले. धरण असो, खत असो, देवीची लस असो की कुटुंबनियोजन, चित्र दिसण्याआधीच त्याचा अर्थ तो भारदस्त आवाज ठरवून टाकायचा. प्रेक्षक तेवढ्या वेळात बाहेर उभे राहून विडी संपवत.

त्या आवाजाची टिंगल करणे सोपे आहे, पण त्यामागची अडचण समजून घेतल्याशिवाय ती करू नये. पस्तीस मिलिमीटरचा कॅमेरा जड असे. बोलणाऱ्या माणसाचा आवाज जागच्या जागी टिपायचा तर ध्वनिमुद्रणाचा सगळा सरंजाम सोबत न्यावा लागे. कच्ची फिल्म मुख्यतः परदेशातून यायची आणि मोजून मिळायची. अशा स्थितीत दहा तास चित्रण करून त्यातली दहा मिनिटे वापरू, असे म्हणण्याची चैन कोण करणार? आवाज नंतर स्टुडिओत चढवणे स्वस्त होते, आणि एकदा तो चढवायचाच ठरला की सरकारला जे सांगायचे ते त्यातून सांगता येत होते. तरीही त्याच संस्थेच्या आत काही माणसे वेगळे करून बघत होती. एस. एन. एस. शास्त्री यांनी 'आय ॲम ट्वेंटी' (१९६७) मध्ये स्वातंत्र्याच्या वर्षी जन्मलेल्या मुलामुलींना कॅमेऱ्यासमोर हवे ते बोलू दिले. सुखदेव यांच्या 'इंडिया ६७' मधून तर निवेदकाला सुट्टीच मिळाली. हे दोन्ही चित्रपट या पुस्तकातल्या अर्थाने निरीक्षणपर नाहीत, पण सरकारी आवाजावरचा विश्वास कुठे डळमळू लागला होता ते त्यांत दिसते.

आणखी मागे जायचे तर १९१२ च्या सुमाराचे दादासाहेब फाळके आठवतात. चित्रपटासाठी भांडवल मिळवायचे म्हणून त्यांनी वाटाण्याच्या रोपाची वाढ कॅमेऱ्याने थोडीथोडी टिपली आणि पडद्यावर ती क्षणांत घडवून दाखवली. चित्रपटाच्या इतिहासात ही गोष्ट चमत्कार म्हणून सांगितली जाते. मला त्यात या शैलीचा सगळा पेच दिसतो. पाहायला लागलेला वेळ एक आणि दाखवलेला वेळ दुसरा. दोहोंमध्ये एक माणूस बसलेला असतो आणि काय गाळायचे ते तो ठरवतो. शिवाय त्या माणसाला कुणाला तरी काही तरी पटवायचेही असते.

तंत्राची कोंडी १९६० च्या आसपास फुटली. खांद्यावर पेलता येईल असा सोळा मिलिमीटरचा कॅमेरा आणि पट्ट्याने गळ्यात अडकवता येईल असा नाग्रा ध्वनिमुद्रक यांची जोडी जमली आणि माणूस चालता-बोलता टिपता येऊ लागला. अमेरिकेत रॉबर्ट ड्रू आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 'प्रायमरी' (१९६०) मध्ये केनेडी आणि हम्फ्री यांच्या विस्कॉन्सिनमधल्या उमेदवारीच्या लढतीचा गर्दीत घुसून पाठलाग केला. फ्रान्समध्ये जाँ रूश आणि एदगार मोरँ यांनी १९६१ च्या 'क्रॉनिक दँ एते' मध्ये उलटा रस्ता धरला. ते स्वतः कॅमेऱ्यासमोर आले, पॅरिसमधल्या माणसांना प्रश्न विचारले आणि झालेले चित्रण त्याच माणसांना दाखवून त्यांच्यात वाद लावून दिला. भिंतीला चिकटून गप्प बसायचे की संभाषणात उतरायचे, हा झगडा तेव्हापासून चालू आहे. पाठ्यपुस्तके त्याला दोन संप्रदायांची नावे देतात. व्यवहारात बहुतेक दिग्दर्शक सकाळी एका संप्रदायात असतात आणि संध्याकाळी दुसऱ्या.

वाइजमन मुळात कायद्याचे माणूस. बोस्टन विद्यापीठात शिकवत असताना ते विद्यार्थ्यांना घेऊन मॅसॅच्युसेट्समधल्या ब्रिजवॉटरच्या संस्थेत जात. गुन्हेगार ठरलेल्या किंवा आरोप असलेल्या मनोरुग्णांना तिथे कोंडून ठेवले जाई. उद्याच्या वकील-न्यायाधीशांनी आपण माणसे कुठे पाठवतो ते एकदा डोळ्यांनी पाहावे, हा हेतू. तिथेच १९६६ मध्ये, मानववंशशास्त्रीय चित्रपट करणारे जॉन मार्शल यांना छायाचित्रणासाठी सोबत घेऊन, त्यांनी 'टिटिकट फॉलीज' चित्रित केला. नाव घेतले ते तिथल्या रुग्णांच्या आणि रक्षकांच्या गाण्याबजावण्याच्या कार्यक्रमाचे. नग्नावस्थेत कोठडीत ठेवलेले रुग्ण, त्यांना खिजवणारे रक्षक, 'मी इथे आल्यापासून बिघडलो आहे' असे तर्कशुद्धपणे पटवून देणारा रुग्ण आणि त्याचा तर्क हेच आजाराचे लक्षण मानणारे डॉक्टर, हे सगळे त्यात कुठल्याही भाष्याशिवाय येते.

१९६७ मध्ये चित्रपट पूर्ण झाला आणि राज्य सरकार न्यायालयात गेले. मुद्दा अश्लीलतेचा नव्हता, राज्याच्या सुरक्षिततेचाही नव्हता. रुग्णांच्या खासगीपणाचा होता. मॅसॅच्युसेट्समध्ये सर्वसाधारण प्रेक्षकांना हा चित्रपट दाखवायला बंदी झाली. पुढे डॉक्टर, वकील, समाजसेवक, विद्यार्थी अशा मंडळींपुरती मुभा मिळाली, पण बंदी पूर्णपणे उठायला १९९१ साल उजाडले. ब्रिजवॉटरमध्ये त्यानंतर सुधारणा झाल्या आहेत असे निवेदन चित्रपटाला जोडण्याचा आदेश न्यायालयाने दिला होता. वाइजमन यांनी आधी आदेशाची पाटी लावली आणि मग सुधारणेची. वकिली पेशाचा हात असा मध्येच दिसतो.

हा खटला मी वर्गात शिकवतो तेव्हा विद्यार्थी पटकन दिग्दर्शकाच्या बाजूने उभे राहतात. राज्याने स्वतःची अब्रू झाकायला रुग्णांच्या अब्रूची चादर वापरली, हे त्यांना लगेच दिसते आणि ते खरेच आहे. पण जो माणूस नागडा कोठडीत फिरतो आहे, ज्याला कॅमेरा म्हणजे काय हे कळते की नाही याची खात्री नाही, त्याची संमती कुणी दिली? संस्थेच्या प्रमुखाने दिलेली परवानगी त्याला कशी लागू पडते? वाइजमन यांच्या सगळ्या कामाबद्दल आदर बाळगूनही हा प्रश्न मला सुटलेला वाटत नाही. या पुस्तकात तो निरनिराळ्या प्रकरणांत पुन्हा पुन्हा वर येईल.

याच चित्रपटात एक प्रसिद्ध दृश्य आहे. अन्न नाकारणाऱ्या एका वृद्ध रुग्णाच्या नाकातून नळी घालून त्याला जबरदस्तीने खाऊ घातले जाते. डॉक्टरच्या तोंडात सिगरेट आहे आणि तिची राख नरसाळ्यात पडेल की काय, याकडे आपले डोळे खिळतात. वाइजमन यांनी या दृश्यात मध्ये मध्ये त्याच माणसाच्या मृतदेहाची दफनापूर्वीची तयारी जोडली. जिवंतपणी हेळसांड, मेल्यावर काळजीपूर्वक दाढी. जोडणी परिणामकारक आहे यात शंका नाही, पण पुढे त्यांनाच ती भडक वाटली आणि आता तसे संकलन करणार नाही असे त्यांनी सांगितले. नंतरच्या चित्रपटांत अशी टाळी घेणारी जोडणी क्वचितच सापडते. प्रेक्षकाला जे दिसले आहे ते पुन्हा अधोरेखित करायचे नाही, हा संयम त्यांनी कमावलेला आहे.

त्यांची कामाची रीत साधी वाटते. माणसे दोन-तीनच. ध्वनिमुद्रण ते स्वतः करत आणि मायक्रोफोन जिकडे वळेल तिकडे कॅमेरामन वळे. म्हणजे दिग्दर्शन कानाने चालायचे. चित्रणाला काही आठवडे आणि संकलनाला कित्येक महिने, तेही एकट्याने. जमलेल्या शंभराहून अधिक तासांतून दोन, चार, कधी सहा तास शिल्लक राहायचे. बोस्टनच्या एका रुग्णालयातल्या अतिदक्षता विभागावरचा 'निअर डेथ' (१९८९) जवळजवळ सहा तासांचा आहे. एवढ्या लांबीचे चित्रपट करता आले कारण अमेरिकेतल्या सार्वजनिक दूरचित्रवाणीने त्यांना दीर्घकाळ आधार दिला आणि वितरणासाठी त्यांनी १९७१ मध्ये पत्नीच्या नावाने झिपोरा फिल्म्स ही स्वतःची कंपनी काढली. शैलीची चर्चा करताना हा हिशेब विसरला जातो. आपल्याकडे पब्लिक सर्व्हिस ब्रॉडकास्टिंग ट्रस्टने २००० सालापासून दूरदर्शनसाठी बरेच माहितीपट करवून घेतले, पण पावणेतीन तास एका कचेरीत बसणारा चित्रपट कोणत्या वाहिनीवर लागणार?

निरीक्षण म्हणजे तटस्थता, हा गैरसमज या क्षेत्रात शिरणाऱ्या प्रत्येकाला एकदा होतोच. १९६८ साली शिकागोत पोलिसांनी निदर्शकांना झोडपल्यानंतर वाइजमन कॅन्सस सिटीच्या पोलिसांबरोबर फिरले. पोलिसांना उघडे पाडायचे, हे ठरवूनच आपण गेलो होतो असे त्यांनी पुढे कबूल केले. 'लॉ अँड ऑर्डर' (१९६९) मध्ये एक साध्या वेशातला पोलीस वेश्याव्यवसायाच्या संशयावरून धरलेल्या बाईचा गळा आवळतो. त्याच चित्रपटात हरवलेल्या लहान मुलीला पोलीस सांभाळून ठाण्यावर घेऊन जातो. दिग्दर्शक जे मत घेऊन गेला होता ते पुसले गेले नाही, त्याला अडचणीत टाकणारे बरेच काही त्याच्या शेजारी येऊन बसले. तटस्थ माणसाने हे दोन्ही तोलून मापून ठेवले असते. इथे तोल नाही. गळा आवळण्याचे दृश्य डोक्यातून जात नाही.

कॅमेऱ्यासमोर माणसे खोटी वागत नाहीत का, असे विचारले जाते. वागतात. पण तो पोलीस कॅमेरा समोर असताना गळा आवळतो, कारण त्यात लपवण्यासारखे काही आहे असे त्याला वाटत नाही. माणूस कॅमेऱ्यासाठी चांगला वागायला बघतो तेव्हा तो 'चांगले' कशाला समजतो, हेच आपल्याला कळते. संस्थांवरच्या चित्रपटांचे निम्मे मोल इथे आहे. 'हायस्कूल' (१९६८) मध्ये फिलाडेल्फियातल्या एका शाळेच्या मुख्याध्यापिका व्हिएतनामला निघालेल्या माजी विद्यार्थ्याचे पत्र अभिमानाने वाचून दाखवतात. स्वतःला केवळ काम करणारे एक शरीर समजणाऱ्या त्या मुलाकडे पाहून त्यांना शाळा यशस्वी झाल्याचे समाधान वाटते. कुणीही त्यांना हे बोलायला भाग पाडलेले नाही.

भारतात या शैलीला सरळ वारस मिळाले नाहीत, आणि त्याचे कारण फक्त पैसा नव्हे. आणीबाणीनंतरच्या पिढीला गप्प बसून पाहणे हेच संशयास्पद वाटत होते. आनंद पटवर्धन 'हमारा शहर' (१९८५) मध्ये मुंबईतल्या झोपड्या पाडणाऱ्यांना आणि त्याचे समर्थन करणाऱ्या सुखवस्तू लोकांना कॅमेऱ्यामागून प्रश्न विचारतात. त्यांना आपली बाजू लपवायची नसते. त्या चित्रपटात गाणारे शाहीर विलास घोगरे यांनी ११ जुलै १९९७ च्या रमाबाई आंबेडकरनगरमधल्या गोळीबारानंतर आत्महत्या केली आणि तिथून 'जय भीम कॉम्रेड' सुरू झाला. तो पुरा व्हायला चौदा वर्षे लागली. पद्धत वाइजमन यांच्या उलट, पण वेळ देण्याची तयारी तीच. एवढा काळ सोबत राहिल्यामुळे त्यात शाहिरांची एक पिढी वयाने वाढताना, पांगताना आणि काही वेळा पक्ष बदलताना दिसते. प्रश्न विचारणाऱ्या चित्रपटालाही निरीक्षणाची फळे अशी मिळू शकतात. म्हणून शुद्ध-अशुद्धतेच्या वादात मी या पुस्तकात फार वेळ घालवलेला नाही.

डिजिटल कॅमेऱ्याने कच्च्या फिल्मचे मोजमाप संपवले तेव्हा खरा बदल झाला. शर्ली अब्राहम आणि अमित मधेशिया यांचा 'द सिनेमा ट्रॅव्हलर्स' (२०१६) महाराष्ट्रातल्या जत्रांमधून फिरणाऱ्या तंबू सिनेमांसोबत कित्येक वर्षे हिंडला. फिल्मची रिळे जाऊन डिजिटल यंत्र तंबूत शिरते, तो बदल त्यात प्रोजेक्टरला तेल घालणाऱ्या हातांतून कळतो. सर्वनीक कौर यांच्या 'अगेन्स्ट द टाइड' (२०२३) मध्ये मुंबईतले दोन कोळी मित्र आहेत. एक किनाऱ्यालगत बापजाद्यांच्या रीतीने मासे धरतो. दुसरा कर्ज काढून खोल समुद्रात जातो आणि बंदी असलेल्या एलईडी दिव्यांच्या मासेमारीचा मोह त्याला पडतो. समुद्राचे तापणे, माशांचा दुष्काळ, कर्जाचा फास हे सगळे प्रश्न त्यात आहेत, पण ते येतात दोन मित्रांच्या दारूसोबतच्या वादातून आणि आजारी तान्ह्या बाळाच्या काळजीतून. सनडान्स महोत्सवात त्याला मिळालेले विशेष परीक्षक पारितोषिक नेमके या शैलीसाठीच होते.

चित्रपटातली माणसे उत्तर देऊ लागली आहेत, हाही नवा भाग. बुंदेलखंडात दलित स्त्रियांच्या पुढाकाराने चालणाऱ्या 'खबर लहरिया' या वृत्तसंस्थेवरचा 'रायटिंग विथ फायर' (२०२१) ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेला. पारितोषिकांचा सोहळा तोंडावर असताना त्या संस्थेनेच जाहीर केले की चित्रपट हेलावून टाकणारा असला तरी आमच्या कामाचे त्यातले चित्र अपुरे आहे. आम्ही जणू एकाच पक्षाच्या बातम्यांमागे असतो असे त्यातून वाटते. ब्रिजवॉटरच्या रुग्णांना असे म्हणायची सोय नव्हती. दिग्दर्शकाने काय गाळले हे आता गाळली गेलेली माणसे सांगू शकतात, ती पत्रकार असतील तर दिग्दर्शकाइतक्याच सफाईने. हे अभ्यासकांनी चित्रपटाच्या बाहेरचे भांडण समजू नये. संकलनाचीच ती पुढची चर्चा आहे, आणि या पुस्तकातले सर्वांत लांब प्रकरण तिच्यावर आहे.

वाचकांना एक विनंती : आधी चित्रपट बघा, मग प्रकरण वाचा. नवख्याने वाइजमन यांच्या सहा तासांच्या चित्रपटाला हात घालू नये. दीड तासाच्या आतला, न्यूयॉर्कच्या मेट्रोपोलिटन रुग्णालयावरचा 'हॉस्पिटल' (१९७०) सुरुवातीला बरा. पहिली वीस मिनिटे कंटाळा येईल. कुणाकडे बघायचे हे कुणी सांगत नसल्याने डोळे भिरभिरतात. तेव्हा फोन हातात घेऊ नका, कोण किती वेळ बोलतो आणि कोण मध्येच तोडतो तेवढे ऐका. ज्यांना अमेरिका फारच दूरची वाटते त्यांनी सरळ कोळीवाड्याच्या प्रकरणापासून सुरुवात केली तरी चालेल. 'अगेन्स्ट द टाइड' बघताना आपल्याला एक सवलत आहे जी सनडान्सच्या परीक्षकांना नव्हती : सबटायटल वाचत बसण्याऐवजी आपण बोलणाऱ्याच्या तोंडाकडे बघू शकतो, आणि तो बोलत असताना गप्प बसलेल्याच्याही.